लतिकाच्या नावावर छापलेलं खोटं

मंडळाच्या स्मरणिकेची प्रूफं तपासायचं काम माझ्याकडे आलं, कारण लग्नाआधी मी मुंबईत एका साप्ताहिकात मुद्रितशोधक होते आणि शारजातल्या आमच्या ओळखीत ऱ्हस्व-दीर्घाची फिकीर करणारं दुसरं कुणी नव्हतं. साल २००१. शारजातलं आमचं मराठी मंडळ पंधरा वर्षांचं होत होतं. अनिल वर्तक संपादक होता. त्याची बायको लतिका, माझी मैत्रीण; मिहिका त्यांची मुलगी. तिच्या रोजनिशीतली काही पानं स्मरणिकेत येणार होती, म्हणून मी गठ्ठ्यातून सगळ्यात आधी तीच काढली.

तिसऱ्या-चौथ्या पानावर त्यांच्या टॉवरला लागलेल्या आगीचा दिवस होता. तिथे छापलं होतं : ‘अनिलने मिहिकाला खांद्यावर टाकलं आणि धुरातून नऊ मजले उतरून सुखरूप खाली आणलं.’

मी ते वाक्य पुन्हा वाचलं. पेन्सिल खाली ठेवली. आग लागली त्या शुक्रवारी अनिल दुबईला होता, मंडळाच्या नाटकाच्या तालमीला. मला हे पक्कं माहीत होतं, कारण माझा नवराही त्याच तालमीला गेला होता आणि संध्याकाळी दोघं आमच्याच गाडीतून परत आले होते.

मी लतिकाला फोन लावला. म्हटलं, “अगं, आगीच्या दिवशी मिहिकाला खाली कुणी आणलं?”

“शेजारच्या कमरभाईंनी. तुला माहितीय की. का?”

“तू काय लिहून दिलं होतंस?”

ती म्हणाली, “छाया, वाच.”

मी वाचलं. वाक्य संपलं तोवर तिने फोन ठेवला होता.

लतिका मूळची सांगलीची. इंग्रजी घेऊन बी. ए. झालेली, कॉलेजात पहिली आलेली. १९९१ साली लग्न होऊन शारजाला आली ती अल मजाजमधल्या एका टॉवरच्या नवव्या मजल्यावर. खिडकीतून खालिद लगूनचं पाणी दिसायचं आणि पासपोर्टवरच्या शिक्क्यात नोकरीला परवानगी नाही असं छापलेलं होतं. अनिल एअर कंडिशनिंगच्या कंपनीत सेल्समध्ये. सकाळी सातला जायचा, रात्री आठला यायचा, आल्यावर टीव्ही. बोलायला शेजारची नूरजहाँ होती. ती रत्नागिरीकडची, तिचा नवरा कमरुद्दीन इंडस्ट्रियल एरियातल्या एका ॲल्युमिनियमच्या वर्कशॉपमध्ये सुपरवायझर. घरी बोलायचे कोकणीच, त्यामुळे लतिकाशी पहिल्या दिवसापासून मराठीत. मासे कुठे घ्यायचे, कुठल्या माशाला कोकम लागतं, गॅसवाला कधी येतो, हे सगळं लतिकाला तिनेच शिकवलं.

मग ते पुस्तक आलं. तळमजल्यावरची इंग्रज बाई देश सोडून चालली होती. तिने पुस्तकांचं खोकं लिफ्टजवळ ठेवून दिलं, ज्याला हवं त्याने न्यावं म्हणून. लतिकाने त्यातलं सगळ्यात जाड पुस्तक उचललं. ती सतराव्या शतकातल्या लंडनमधल्या एका सरकारी कारकुनाची रोजनिशी होती. नौदलाच्या कचेरीत काम करणारा माणूस. आज काय खाल्लं, कुणाशी भांडलो, नवा कोट कसा शिवला, प्लेगात कुठल्या दारांवर खुणा झाल्या, शहराला आग लागली तेव्हा अंगणात खड्डा खणून काय काय पुरलं, असं सगळं. लतिका वेड लागल्यासारखी वाचायची. पोळ्या लाटताना मला त्यातल्या गोष्टी सांगायची, जणू तो खालच्या मजल्यावर राहतो.

एका सकाळी मी गेले तर ती चिडलेली. हातात ते पुस्तक.

“या मेल्याने काय केलंय माहितीय? याच्या बायकोने एक कागद लिहिला. आपण दिवसभर घरात एकटीच असतो, कुणी बोलायला नाही, किती कंटाळवाणं आयुष्य आहे, असं. बिचारीने त्याला वाचून दाखवला. याने तिच्यासमोर तो फाडला. का, तर कुणाच्या हाती लागला तर काय म्हणतील.”

मी म्हटलं, “तीनशे वर्षांपूर्वीची गोष्ट आहे गं.”

“त्याची दहा वर्षांची वही तीनशे वर्षं टिकली. तिचा एक कागद टिकला नाही. आणि तिने काय लिहिलं होतं ते आपल्याला कळतं ते कसं, तर यानेच लिहून ठेवलं म्हणून. फाडणाऱ्याने.” मग थोड्या वेळाने म्हणाली, “एवढं मात्र आहे. फाडला हे त्याने लपवलं नाही.”

त्याच दिवशी ती खालच्या ग्रोसरीतून वही घेऊन आली. राग आला म्हणून रोजनिशी लिहायला बसलेली बाई मी दुसरी पाहिली नाही. तेव्हापासून ती रोज लिहू लागली, मराठीत. मोठं काही नाही. पाणी गेलं. लिफ्ट बंद, नूरभाभीची सुमैय्या नऊ मजले चढून आली आणि दारातच झोपली. मंडळाच्या गणपतीत बटाटे कुणी सोलायचे यावरून दोन बायका वर्षभर बोलल्या नाहीत. अनिलला डब्यात भेंडी चालत नाही हे त्याने मला न सांगता आईला फोनवर सांगितलं. मिहिका जन्मली. मिहिका अरबी ‘यल्ला’, म्हणजे ‘चल’, म्हणायला शिकली, ‘आई’च्या आधी. मी वाचायचे ना, मला हसूही यायचं आणि वाईटही वाटायचं, कारण माझंही तसंच चाललं होतं आणि मी काही लिहीत नव्हते.

आग लागली १९९७ च्या उन्हाळ्यात. शुक्रवारची दुपार. कमरुद्दीन नमाज पढून आलेला, जेवून आडवा झालेला. सहाव्या मजल्यावर कुणाच्या तरी एसीने पेट घेतला. जिन्यात काळा धूर. लतिका मिहिकाला घेऊन दाराबाहेर आली आणि धूर बघून पुन्हा आत गेली. दार बंद करून उभी राहिली. पाच वर्षांची मिहिका खोकत होती. तेवढ्यात कमरुद्दीनने दार ठोठावलं. ओला टॉवेल मिहिकाच्या तोंडाला गुंडाळला, तिला खांद्यावर घेतलं, मागे नूरजहाँ, सुमैय्या आणि लतिका एकमेकींचे पदर-ओढण्या धरून. असे सगळे उतरले. कमरुद्दीन चार दिवस हॉस्पिटलात होता. नंतरही उन्हाळा आला की त्याचा खोकला सुरू व्हायचा.

लतिकाने त्या रात्री आमच्या घरी बसून हे लिहिलं. अनिलबद्दल तिने एकच ओळ लिहिली होती. अनिल दुबईला, तालमीला, संध्याकाळी आला. बस्स. त्यात दोष नव्हता. मोबाईल तेव्हा त्याच्याकडे नव्हता, त्याला कसं कळणार? तिने त्याला कधी बोल लावला नाही. पण ती साधी ओळसुद्धा त्याला सहन झाली नाही, हे आम्हाला चार वर्षांनी कळलं.

प्रूफं वाचली त्या संध्याकाळी मी त्यांच्या घरी गेले. लतिका जेवणाच्या टेबलाशी उभी होती. समोर तिची मूळ वही, तिने स्वतः उतरवून दिलेले कागद आणि मी आणलेली प्रूफं. ती ओळीला ओळ लावत होती. फक्त आगच नव्हती. बटाट्याचं भांडण गेलं होतं. पहिल्या वर्षीचं रडणं गेलं होतं. नूरजहाँ सगळीकडे ‘एक शेजारीण’ झाली होती आणि तिच्या नवऱ्याचं नाव कुठेही नव्हतं.

अनिल सोफ्यावर बसला होता. टाय अजून सोडला नव्हता.

“लतू, हे एडिटिंग आहे,” तो म्हणाला. “एडिटर म्हणून तेवढा राइट असतो. स्पॉन्सर्स वाचणार, कॉन्सुलेटमध्ये कॉपी जाणार.”

“एडिटिंग म्हणजे कापणं. तू लिहिलंस. माझ्या हाताने.”

“एक वाक्य.”

“तू दुबईत होतास.”

“मग काय सगळ्या जगाला सांगायचं? मुलगी जळत होती आणि बाप नाटकात? कसं दिसतं ते?”

“जसं होतं तसं दिसतं,” लतिका म्हणाली. आवाज चढलेला नव्हता. मला त्याचीच जास्त भीती वाटली. “आणि कमरभाई? त्यांना का काढलं?”

अनिलने माझ्याकडे पाहिलं, मी उठून जाईन या आशेने. मी उठले नाही.

“ते मंडळाचे मेंबर नाहीत,” तो म्हणाला. “आपल्या स्मरणिकेत आपले लोक असावेत, एवढंच कमिटीचं म्हणणं.”

“त्यांनी मेंबरशिप मागितली होती. पंच्याण्णवला. तूच म्हणालास, यावर्षी फुल आहे. तेही लिहिलंय मी.”

मिहिका दारात उभी होती. नऊ वर्षांची, शाळेचा युनिफॉर्म अजून अंगावर. ती म्हणाली, “बट डॅडी, यू वर नॉट देअर. कमर अंकल कॅरिड मी.”

“गो टू युअर रूम,” अनिल म्हणाला.

“तिला कशाला पाठवतोस?” लतिका म्हणाली. “तिलाही खोडून टाक.”

अनिल उठला, बेडरूमचं दार आपटलं आणि आतून म्हणाला, “पेजेस कधीच प्रेसला गेलीत. खलास.”

म्हणजे मला प्रूफं दिली होती तीही नावालाच. मीही चिडले होते, पण माझा राग लतिकाच्या रागापुढे काहीच नव्हता. तिने मला जिन्यापर्यंत सोडलं आणि विचारलं, “प्रेस कुठे आहे?”

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही टॅक्सी केली. प्रेस इंडस्ट्रियल एरियात, एका टायरच्या दुकानामागे. आत शाईचा वास, कूलरचा घरघराट. स्मरणिकेचे छापलेले फर्मे, म्हणजे सोळा-सोळा पानांच्या घड्या, लाकडी फळ्यांवर रचून ठेवले होते. बांधणी दुपारी सुरू व्हायची होती, कार्यक्रम दुसऱ्या संध्याकाळी. फोरमन जमाल म्हणून एक हैदराबादी होता, कपाळावर चष्मा.

लतिकाने आपली घडी शोधून काढली. जमालला म्हणाली, “ये वाला मत लगाइए.”

“मैडम, ऑर्डर वर्तक साब का है.”

“इसपे नाम किसका है?”

जमालला मराठी वाचता येत होतं की नाही ठाऊक नाही, पण लिपी ओळखीची होती. त्याने अक्षर लावत वाचलं, “लतिका… वर्तक.”

तिने पर्समधून पासपोर्टची झेरॉक्स काढून टेबलावर ठेवली. “लतिका वर्तक मैं हूँ. ये मैंने नहीं लिखा. मेरे नाम से झूठ छापा है.”

जमालने मालकाला बोलावलं. अलीमियाँ म्हणून म्हातारे गृहस्थ, पांढरी टोपी, बोटांना शाई. ते आधी हसले. मियाँ-बीवीच्या झगड्यात प्रेसवाल्याने का पडावं, म्हणाले. लतिका त्यांच्यासमोर खुर्ची ओढून बसली.

“चाचा, मी झगडा करायला आले नाही,” असं ती चक्क मराठीत म्हणाली आणि मग हिंदीत समजावलं. जिच्या नावाने छापलंय ती बाई स्वतः येऊन सांगतेय की हे तिचं नाही. तरीही बांधून दिलं, तर उद्या ती तक्रार करणार. ज्या खात्याकडून प्रेसला लायसन्स मिळतं तिथेच करणार. अर्ज इंग्रजीत चांगला लिहिते ती.

अलीमियाँचं हसू गेलं. तिथे लायसन्स म्हणजे माणसाचा श्वास. ते म्हणाले, “लिख के दो, बीबी. कि तुम्हारे कहने पे निकाला.”

तिने तिथल्या तिथे लिहून दिलं, सही केली. मी साक्षीदार म्हणून सही केली. जमालने तो सगळा गठ्ठा फळीवरून उचलला आणि रद्दीच्या ढिगावर टाकला. लतिकाने एक घडी उचलून पर्समध्ये ठेवली. टॅक्सीत ती म्हणाली, “माझं पहिलंच छापलेलं लिखाण, छाया. आणि मी ते रद्दीत घालून आले.”

कार्यक्रमात स्मरणिका वाटल्या गेल्या. पान अठ्ठेचाळीसनंतर एकदम पासष्ट. आम्हाला ठाऊक नव्हतं, पण त्याच घडीत एका मोठ्या स्पॉन्सरची पानभर जाहिरात होती, तीही गेली. अध्यक्षांचा चेहरा बघण्यासारखा झाला. प्रेसला फोन गेला, अलीमियाँनी लतिकाचं पत्र वाचून दाखवलं. पुढच्या मीटिंगमध्ये मंडळाचे कर्ते पुरुष अनिलला म्हणाले, घर सांभाळता येत नाही तर संपादक कशाला झालात? खोटं का छापलं, हे एकानेही विचारलं नाही. मी तिथे होते. मी विचारलं, तर मला सांगितलं की वहिनी, विषय वेगळा आहे.

अनिल घरी येऊन लतिकाला म्हणाला, “तू मला सगळ्यांसमोर नागडं केलंस.”

ती म्हणाली, “मी फक्त पानं काढली. आत काय होतं ते अजून कुणालाही माहीत नाही.” हे खरं होतं. तिला हवं असतं तर ती स्टेजवर जाऊन मूळ वही वाचू शकली असती. तिने तसं केलं नाही. पण वाचायची होती एका घरी, आणि तिथे ती गेली.

कमरुद्दीनचं कुटुंब तोपर्यंत शारजातच अल नहदा भागात राहायला गेलं होतं. लतिका वही घेऊन गेली, मला बरोबर नेलं. कमरुद्दीन, नूरजहाँ आणि आता मोठी झालेली सुमैय्या समोर बसली. लतिकाने आगीचा दिवस वाचला, मग प्रेसमधून आणलेली घडी वाचली. दोन्ही.

कमरुद्दीन म्हणाला, “पाचव्या मजल्यावर मी पोरीला शिवी दिलेली. ती मान आवळून धरत होती, मला श्वास घेता येईना. ते नाही लिहिलंत.”

“मला माहीत नव्हतं,” लतिका म्हणाली.

“आता लिवा,” तो म्हणाला आणि खोकला.

लतिकाला वाटलं होतं की आता सगळं बरं होईल. पण नूरजहाँ उठून उभी राहिली होती. इतकी वर्षं मी तिला मऊ आवाजातच बोलताना ऐकलं होतं.

“लतिका, तुझा राग माझ्याकडे कशाला आणलास गो? तुझ्या नवऱ्याने कागदावर खोटं केलं म्हणून तुझं डोकं फिरलं. आणि चार वर्षं तो आमच्या दारात आला नाही, तेव्हा? हा माणूस हॉस्पिटलात होता तेव्हा? तू आलीस, सूप आणलंस, मी विसरली नाय. पण तो? एक शब्द नाय. तुला दिसत होतं ना. तू काय केलंस? वहीत लिवलंस आणि मोकळी झालीस.”

परतीच्या बसमध्ये लतिका खिडकीकडे तोंड करून बसली होती. मला वाटलं रडतेय. ती रडत नव्हती.

घरी गेल्यावर तिने अनिलला सांगितलं, “शुक्रवारी आपण कमरभाईंकडे जातोय.”

“मी येणार नाही.”

“मग मी एकटी जाते. मिहिकाला घेऊन. आणि तू का आला नाहीस ते त्यांना सांगते. वहीत नाही लिहिणार. तोंडाने सांगते.”

हे मला तिनेच नंतर सांगितलं. गुरुवारी रात्रीपर्यंत तो नाहीच म्हणत होता. शुक्रवारी दुपारी तो गाडीत जाऊन बसला, एसी लावून, तोंड फिरवून.

अल नहदाच्या त्या घरात तो सोफ्याच्या कडेला बसला. ट्रॅफिकबद्दल बोलला. दुबईत भाडी कशी वाढलीत ते बोलला. कमरुद्दीन हां, हां करत होता. मिहिका आणि सुमैय्या आतल्या खोलीत गेल्या. चहा झाला. अनिल उठला, दारापाशी गेला, पायात बूट घालता घालता म्हणाला, “त्या दिवसाबद्दल… थँक्स, कमरभाई.”

“कुठल्या दिवसाबद्दल?” कमरुद्दीनने विचारलं.

त्याला माहीत होतं. सगळ्यांना माहीत होतं. अनिल एका पायात बूट घालून उभा राहिला. लतिका म्हणते, तिला त्या क्षणी त्याची दया आली आणि दया आली म्हणून स्वतःचा रागही आला, पण ती मध्ये पडली नाही.

“आग लागली त्या दिवशी,” अनिल म्हणाला. “मी नव्हतो. तुम्ही मिहिकाला आणलंत.”

“हां,” कमरुद्दीन म्हणाला. “आणलं.” त्याने हात पुढे केला नाही, दारही लावून घेतलं नाही.

नूरजहाँ बाहेर आलीच नव्हती. लतिका स्वयंपाकघरात गेली तेव्हा ती तव्यावर बांगडे उलटत होती. मागे न बघता तिने विचारलं, “बोलला?”

“बोलला.”

“चार वर्षं लागली,” नूरजहाँ म्हणाली आणि गॅस मोठा केला.